जत्रेचा तुकडा

तंबूतला सिनेमा बंद पडला, तरी एका चित्रपटाची रिळं आप्पासाहेबांनी रहिमतपूरच्या घरात जपून ठेवली होती. त्याची दुसरी प्रत कुठंच नव्हती. निर्मात्याच्या मुलांची परवानगी घेऊन पुण्याच्या चित्रपट संग्रहालयातली विशाखा ती न्यायला आली, तर म्हातारा रिळांच्या पेटीवरून उठेना.

"मेढ्याला शूटिंग झालं तवा जत्रेच्या गर्दीत माजी सुमी नाचलीया. त्याच साली गेली पोर. दुसरा फोटू न्हाई तिचा."

"आम्ही थंड खोलीत ठेवू, आप्पा. शंभर वर्षं टिकेल ती."

"मग न्या बाई. मोतीबिंदूनं मला आता दिसत न्हाई, पर सुमीवर धूळ बसू दिली न्हाई. दोरा बांधून खूण केलीया, रोज सकाळी ओल्या फडक्यानं तेवढा तुकडा पुसतुया."

विशाखानं घाईघाईनं ते रीळ उलगडून खिडकीशी धरलं. मागचीपुढची चित्रं मळकी होती, पण होती. मधला दोन हात तुकडा काचेसारखा आरपार झाला होता.

"सोच्छ हाय न्हवं?"

"हो, आप्पा," ती म्हणाली. "धुळीचा कणसुद्धा नाही."