पालथी होडी

"छत बघा," मी मुलांना म्हणालो. "व्हिक्टोरिया राणीच्या काळात आपल्या कोळीवाड्याच्या सुतारांनी हे चर्च बांधलं. त्यांना फक्त होड्या बांधता यायच्या, म्हणून वर सागवानी होडीच पालथी घातली."

"मग आपण मासळी का, आजोबा?" मुलं थंड फरशीवर आडवी होऊन हसली. रंगीत काचांतलं निळं ऊन त्यांच्या अंगावरून हलत होतं.

सेलिना मात्र दारातच उभी होती. गेल्या वर्षी होडी उलटून तिचे वडील बुडाले होते. "मी नाही येणार आत."

मी तिच्याजवळ पायरीवर बसलो. "बाबा किनाऱ्यावर होडी पालथी कशाला घालायचे गं?"

"डांबर लावायला," ती म्हणाली. "मग दुपारी तिच्या सावलीत झोपायचे."

ती हळूच आत आली आणि शेजारी एका माणसाची जागा ठेवून फरशीवर आडवी झाली.