काजव्यावरचं फडकं

आजाऱ्याच्या खोलीत काजव्याच्या बरणीवर फडकं टाकायचं, ही आता घरोघरची रीत झाली होती. प्रयोगशाळेत घडवलेल्या या काजव्याला खोटं बोलणाऱ्याच्या श्वासाचा वास लागायचा आणि तो निळा पेटायचा. त्याच्यामुळे कोर्टं ओस पडली होती, पण आजाऱ्याला धीर द्यायची मात्र चोरी झाली होती.

आज कुमुदने काजव्याला गुळाचं पाणी पाजलं आणि फडकं टाकायचं विसरून ती नवऱ्याला पेज भरवायला बसली.

"डॉक्टर काय म्हणाले गं?" दिगंबररावांनी विचारलं.

"महिन्याभरात हिंडाफिरायला लागाल, म्हणाले."

समोरची भिंत निळी झाली. कुमुद फडकं घेऊन धडपडत उठली, तसा दिगंबररावांनी तिचा हात धरला. बराच वेळ ते त्या उजेडाकडे बघत राहिले.

"राहू दे," ते म्हणाले. "मला नाही भीती वाटत."

विझत आलेला काजवा पुन्हा भडकला.

कुमुदने फडकं बाजूला ठेवलं आणि चमचा उचलला.

"मलाही नाही वाटत हो," ती म्हणाली, आणि त्या लख्ख निळ्या उजेडात तिने त्यांना उरलेली पेज भरवली.