बोरीच्या लाकडाचा शिक्का

"राजीनाम्यावरचा शिक्का तुमच्याच नावाचा आहे ना?" पेन्शनचं काम बघणाऱ्या नाम साहेबांनी विचारलं.

"शिक्का माझा. मारला मी नाही," ग्येसुन म्हणाली. कचेरीत हे वाक्य आता सगळ्यांना पाठ झालं होतं.

तिच्या वेळी लग्न झालेल्या मुलीच्या सासरी कचेरीचा शिपाई छापील राजीनामा नेऊन देई. त्यावर सहीऐवजी नुसता नावाचा शिक्का लागे. ग्येसुनचा राजीनामा तिला न विचारताच शिक्का लागून कचेरीत परत पोचला. मुलं मोठी झाल्यावर परीक्षा देऊन ती पुन्हा नोकरीला लागली, पण सोलच्या सरकारचा नियम कडक. मध्ये राजीनामा, म्हणजे आधीची नोकरी पाण्यात. नंतरची पेन्शनला पुरत नव्हती.

"मग मारला कोणी?"

"सासूबाईंनी. सगळ्यांचे शिक्के त्यांच्याच कपाटात असायचे."

"त्यांनी इथे येऊन तसं सांगावं. राजीनामा रद्द, नोकरी सलग, पेन्शन सुरू."

घरी नवऱ्याला, दोकसूला, हे पटलं नाही.

"म्हातारीला कशाला ओढतेस? मी आहे ना! मागशील तेव्हा देतोच की."

तेच तर नको होतं. बसच्या भाड्यासाठीसुद्धा मरेपर्यंत याच्यापुढे हात पसरायचा! तसा माणूस वाईट नव्हता. राजीनाम्याचं कळलं त्या दिवशी ती गाठोडं बांधून माहेरी निघाली होती, तेव्हा तो ढसाढसा रडला होता. "आईपुढे माझं काय चालतं गं?" त्या रडण्यावर ती राहिली, आणि जन्मभर सासूच्या नावानं बोटं मोडत आली.

सासूबाईच उठल्या. "मी येते. माझ्या हातून झालंय, मीच निस्तरते."

त्यांना अक्षरओळख नव्हती. थांब्यावर प्रत्येक बसला त्या विचारत, "दोकसू, ही आपली का रे?" दोकसू पाटी वाचून दाखवी.

कचेरीत तो आत यायला तयार नव्हता. आईचा कोट हातावर घेऊन दारातच उभा राहिला.

"शिक्का मी मारला," सासूबाई खणखणीत म्हणाल्या. "सूनबाई तेव्हा कामावर होती. तिला काही ठाऊक नव्हतं. पोरीचं वाटोळं केलं मी."

ग्येसुनला रडू आलं. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच तिला म्हातारीची माया आली.

"झालं तर मग!" नाम साहेबांनी जबानी पुढे सरकवली. "आजी, इथे तुमचा शिक्का मारा, की सुटलात."

सासूबाईंनी कमरेची पिशवी टेबलावर उपडी केली. घरातले शिक्के घरंगळत बाहेर आले. सगळे एकाच बोरीच्या लाकडाचे, एकाच मापाचे; फरक फक्त तळाला कोरलेल्या नावाचा. त्यांनी एक उचलला, ठेवला, दुसरा उचलला. मग दाराकडे वळून हाक मारली.

"दोकसू, यातला माझा कुठला रे? ये, काढून दे. त्या दिवशी हिचा काढून दिलास ना, तसा."