आवाजाची पारख

भालकीच्या मोबाइल दुकानात सुधारानीने ऑनलाइन तासांसाठी एक हलका, देखणा टॅब पसंत केला होता. तिचे वडील निंगप्पा मात्र प्रत्येक टॅबचा आवाज वाढवायला सांगत, समोरच्या रसवंतीच्या चालू चरकाशेजारी जाऊन उभे राहत आणि मान हलवत परत येत. गावी, दुबलगुंडीत, घराला लागूनच त्यांची पिठाची गिरणी होती.

"काका, हेडफोन फुकट देतो की," दुकानदार म्हणाला.

"नको. मग मला काय ऐकू येणार?"

सुधारानीचा चेहरा उतरला. "अप्पा, मी तास बुडवायले वाटतंय व्हय? कामून पाळत ठेवायलाव?"

निंगप्पा ओशाळले. "तसं न्हाई गं अव्वा. सोमवारी तुझ्या सरांनी विचारलं, चंद्राची एकच बाजू आपल्याला कामून दिसती? ते उत्तर सांगायला लागले आन् नेमकं दळण आलं. चार दिस झाले, तेच डोक्यात फिरायलंय."

सुधारानीने हातातला टॅब काचेवर ठेवला.

"अण्णा, ह्याच्यापेक्षा मोठ्या आवाजाचा काढा," ती दुकानदाराला म्हणाली आणि स्वतःच रस्ता ओलांडून चरकाशेजारी जाऊन उभी राहिली.