जोडीनं

आमदार व्यंकटराव पर्यटन समितीचे अध्यक्ष झाले, तशा 'सहकुटुंब माहूरला या' म्हणत त्यांच्या फोटोच्या पाट्या नांदेडभर लागल्या. दर निवडणुकीला त्यांच्या पत्नी प्रयागबाई माहूरच्या रेणुकामातेला नवस बोलायच्या, "मालक निवडून येऊ दे, जोडीनं येऊन ओटी भरीन." साहेब दरवेळी निवडून आले, माहूरलाही पन्नासदा गेले, पण कार्यकर्त्यांसोबत.

यंदा व्यंकटराव पडले. सकाळपासून बैठकीत येरझाऱ्या घालत होते, सारखा फोन बघत होते. फोन काही वाजत नव्हता. तेवढ्यात प्रयागबाई नवं लुगडं नेसून, खण-नारळाची पिशवी घेऊन समोर उभ्या राहिल्या.

"चला माहूरला. नवस फेडायचाय."

"अगं, पडलो मी! आता कशाचा नवस?"


"औंदा तुमी पडावं म्हणूनच बोलले व्हते."