खडूची रेघ

शर्यत सुरू व्हायला थोडाच वेळ उरला होता आणि तपासनीस आपल्या सख्ख्या मेहुण्याच्या गाडीखाली उताणा पडून ब्रेकची तार बघत होता. तार भंगारातल्या लष्करी ट्रकची होती. त्याचे काही नाही. लढाई संपल्यापासून शर्यतीच्या सगळ्याच गाड्या भंगारातून उभ्या राहत होत्या. पण ही तार शेवटच्या दोन धाग्यांवर कसाबसा जीव धरून होती.

तो बाहेर आला, हात पुसले आणि गाडी नापास म्हणाला.

मेहुणा हसला. "भावोजी, तार काय बघता? रेघेवर उभे राहा की."

बंद पडलेल्या विमानतळावरच्या त्या मैदानात ब्रेक तपासायचे यंत्र नव्हते. तपासनिसाने स्वतःच तोड काढली होती. हँगरच्या भिंतीपुढे खडूची रेघ मारायची, तिच्यावर आपण उभे राहायचे आणि चालकाला भरधाव अंगावर यायला सांगायचे. गाडी बुटांच्या आधी थांबली की पास. चालक मंडळी त्याला माघारी 'खांब' म्हणत. आजवर खांबाला धक्का लागला नव्हता, कारण ज्याला ब्रेकची शंका असे तो रेघ पाहूनच काढता पाय घेई. मेहुण्याला कसलीच शंका नव्हती. त्याला फक्त आत्मविश्वास होता.

तेवढ्यात तपासनिसाची बायको तरातरा आली. तिचे अख्खे माहेर शर्यत बघायला येऊन बसले होते. भावाने वर्षभर खपून गाडी बांधावी आणि घरच्याच माणसाने खोडा घालावा, याबद्दल तिने नवऱ्याला चारचौघांत फैलावर घेतले. गाडी पास झाली नाही तर आपण आजच आईबरोबर निघून जाऊ, हेही सांगून टाकले. तपासनिसाला घाम फुटला. सुसाट गाड्यांपुढे पापणी न हलवणारा हा गृहस्थ बायकोपुढे कायम गडबडे.

"तुझा भरवसा आहे ना त्याच्यावर?" त्याने विचारले.

"माझ्या पाठचा भाऊ आहे तो."

"मग आज तू उभी राहा रेघेवर."

त्यात काय मोठेसे, असा चेहरा करून ती पर्स पोटाशी धरून उभी राहिली. मेहुणा मैदानाच्या टोकाला गेला. इंजिन गुरगुरले. बराच वेळ नुसते गुरगुरतच राहिले. मग ते बंद पडले आणि मेहुणा मान खाली घालून पायीच परत आला.

"ताई, तू बाजूला हो. भावोजींना उभं राहू दे."

"का?"

"त्यांना सवय आहे."

तिने मागे भिंतीकडे पाहिले. मग पुढे, त्या लांबलचक मोकळ्या धावपट्टीकडे. आपला नवरा दर रविवारी नेमका कुठे उभा असतो, हे तिला आज कळत होते. तिला एकदम भरून आले, आणि त्याच्या पाठोपाठ संताप आला. तिने भावाचा कान धरला आणि त्याला ओढत आणून रेघेवर उभे केले.

"अहो, तुम्ही बसा गाडीत."

"अगं, मला कुठे गाडी चालवता येते?"

"म्हणूनच बसा."