शपथेचं झाड

शपथ घ्यायला देशात एकही झाड उरलेलं नाही, हे ओयेंबा देशाच्या मंत्रिमंडळातल्या शहाण्यांच्या लक्षात आलं ते थेट शपथविधीच्या मंडपात.

गोरे निघून गेल्यापासून इथला प्रत्येक अध्यक्ष जिवंत झाडावर हात ठेवून, त्याचा चीक जिभेला लावून शपथ घेई. आधी म्हातारा ओन्दो, मग त्याचा थोरला मुलगा. आज धाकट्याची पाळी होती. तेलाच्या विहिरी आटल्यावर या घराण्याने परदेशातून जंतू आणवले होते. उभ्या झाडाचं ते तासाभरात तेल करत. बघता बघता सगळं जंगल पिंपांत भरून बोटीने गेलं.

शपथ देण्याचा मान मेंगे आजीचा. मंत्र्यांची धावपळ ती मजेत बघत होती.

"झाड आहे की," ती म्हणाली. तिने मागे उरलेलं एक पिंप पुढे आणवलं आणि त्यातलं काळंकुट्ट तेल पळीत घेऊन धाकट्यापुढे धरलं. "यावर हात ठेव. आणि हा त्याचा चीक. चाट, बाळा."

हा आता भर सभेत ओकणार, निदान शरमेने मान तरी खाली घालणार, या आशेने आजी त्याच्या तोंडाकडे बघत राहिली.

धाकट्याने पळी चाटूनपुसून साफ केली. काळे दात दाखवत लोकांना हात केला. टाळ्यांचा कडकडाट झाला. मग आजीकडे झुकून त्याने हळूच विचारलं,

"म्हातारे, अजून आहे का गं?"